चार वाट्यांचं बेसबॉल

आमच्या घरी बेसबॉल ऐकायला चार वाट्या लागतात. साध्या, स्टीलच्या, आमटीच्या. शिवाय मूठभर भाजलेले शेंगदाणे आणि तितकेच फुटाणे. ऑफिसातल्या मुलींना हे सांगितलं की त्या हसतात. हसू देत. त्यांच्याकडे मॅच बघायला भिंतभर टीव्ही आहे आणि तरी निम्मा वेळ त्या फोनमध्येच बघत असतात.

घरात कोण कोण आहे ते आधी सांगते. आम्ही शारजाच्या अल नहदात राहतो, तेराव्या मजल्यावर. बाल्कनीतून एक रस्ता दिसतो, त्याच्या अलीकडे शारजा आणि पलीकडे दुबई. मी अल बर्शातल्या एका क्लिनिकच्या अकाउंट्समध्ये आहे, म्हणजे रोज तो रस्ता ओलांडण्यात माझं अर्धं आयुष्य जातं. नवरा अबुधाबीच्या समुद्रात, तेलाच्या प्लॅटफॉर्मवर. महिनाभर तिकडे, महिनाभर घरी. मुलगी इथेच जन्मली, इथेच शाळा शिकली आणि आता अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याकडच्या एका लहानशा गावातल्या कॉलेजात आहे. नवरा समुद्रात आणि मुलगी अमेरिकेत म्हटल्यावर घरात उरलो मी आणि सासरे.

सासरे वाळवा तालुक्यातल्या एका हायस्कूलात पी.टी.चे सर होते. पण आसपासच्या गावांत त्यांना लोक ओळखत ते कबड्डीच्या मैदानावरच्या आवाजामुळे. कुठल्याही मंडळाच्या स्पर्धा असोत, माईकवर हेच. चढाईला कोण गेला, पकड कोणी केली, लोण कोणावर चढलं, हे तासन्‌तास सांगायचं. मधूनच कुणाची मोटरसायकल रुग्णवाहिकेच्या वाटेत उभी आहे तेही सांगायचं. स्वभाव नम्र वगैरे अजिबात नाही. "माझा आवाज नदीपलीकडं जायचा," असं ते आजही सांगतात आणि आमच्या शेजारच्या फ्लॅटला ते पूर्ण पटलेलं आहे.

सासूबाई गेल्या त्याच सुमारास सासऱ्यांच्या डोळ्यांनी दगा दिला. नजरेच्या बरोबर मधोमध एक डाग आला आणि तो वाढत गेला. कडेकडेचं थोडं दिसतं, समोरचं दिसत नाही. माझ्याशी बोलताना ते माझ्या कानाकडे बघतात, कारण तसं बघितलं की चेहरा जरासा कळतो. त्यांना गावी एकटं ठेवणं शक्य नव्हतं म्हणून इथे आणलं. पण तेराव्या मजल्यावर त्यांनी दिवसभर करायचं काय? टीव्हीवर क्रिकेट लावून दिलं, तर चार दिवसांत कंटाळले. टीव्हीवरचे समालोचक बघणाऱ्यांसाठी बोलतात. "व्हॉट अ शॉट!" म्हणतात आणि गप्प बसतात. सासरे टीव्हीवर ओरडायचे, "अरे, कुठं मारला ते सांग की! पैसे घेतोस ना?"

म्हणून मुलीने जेव्हा फोनवर सांगितलं की ती कॉलेजच्या रेडिओवर बेसबॉलची कॉमेंट्री करणार आहे, तेव्हा मी "अभ्यासाचं काय?" असं विचारलं आणि सासऱ्यांनी "कधी आहे मॅच?" असं विचारलं. कोणाचा प्रश्न तिला आवडला हे सांगायला नकोच.

ऐकायचं कसं हा पहिला पेच. तिचं म्हणणं होतं की ती कॉमेंट्रीच्या बॉक्समध्ये फोन चालू ठेवेल, आम्ही इकडून ऐकायचं. पण ज्या ॲपवरून जगभरची माणसं बोलतात त्याच्यावरून इथे फोन लागत नाही, आणि जे चालतं त्याच्यावर आवाज असा येतो जणू माणूस पाण्याच्या टाकीत बसून बोलतोय. मग तिने कॉलेजच्या रेडिओची लिंक पाठवली. ती माझ्या फोनवर उघडली, पण फोनचा आवाज सासऱ्यांना पुरेना. मग लॅपटॉपवर लावून बघितलं. तिथे चित्रही येत होतं, म्हटलं मी चित्र बघीन, ते ऐकतील. तर चित्रासोबतचा आवाज रेडिओपेक्षा मागे. एका शनिवारी मी स्वयंपाकघरात फोनवर ऐकत होते आणि ते हॉलमध्ये लॅपटॉपसमोर. मी आतून ओरडले, "गेला बाई, आऊट!" सासऱ्यांच्या कानात अजून बॉल टाकायचाच होता. असे भडकले! "तू काय ज्योतिषी आहेस काय? आधी बॉल येऊ दे, मग आऊट कर."

त्या दिवसापासून घरात एकच आवाज, हा नियम. शेजारचे भाईजान मूळचे रत्नागिरीचे, मोबाइलच्या सामानाचं दुकान चालवतात. त्यांनी एक बुटका काळा स्पीकर आणून दिला आणि म्हणाले, "भाभी, आवाज एकदम साफ आहे. चाचांना लागेल." भाव काही केल्या सांगेनात. शेवटी मी पुरणपोळ्या पाठवल्या तेव्हा कुठे हिशेब मिटला. फोन स्पीकरला जोडायचा, स्पीकर जेवणाच्या टेबलावर ठेवायचा आणि समोर खुर्चीत सासरे, अशी व्यवस्था पक्की झाली. मधल्या वारी सामना असला की मी ऑफिसला जाताना गाडीत लावायची. शारजा-दुबई रस्त्यावर सकाळी गाडी पुढे सरकत नाही आणि बेसबॉलही बराच वेळ पुढे सरकत नाही, त्यामुळे दोघांचं छान जमायचं. पण मधल्या वारी बोलायला दुसराच एक मुलगा असे. मुलीचा दिवस शुक्रवार.

वेळेचं गणित मात्र देवाने आमच्यासाठीच करून ठेवल्यासारखं होतं. तिच्या आणि आमच्या घड्याळात बरोबर अर्ध्या दिवसाचं अंतर. तिथे शुक्रवारी संध्याकाळी सहा म्हणजे इथे शनिवारी सकाळी सहा. आकडा तोच, नुसती संध्याकाळची सकाळ करायची. सासऱ्यांना हे फार आवडलं. "सहा म्हणजे सहा," ते म्हणत, "हिशेबच नको." शनिवारी मला सुट्टी. चहा टाकायचा, स्पीकर लावायचा आणि बसायचं.

पण पहिल्या शनिवारी सासऱ्यांच्या काही डोक्यात शिरेना. क्रिकेटमध्ये दोघं पळतात, इकडून तिकडे. इथे चार कोपरे, आणि कधी एक माणूस पळतोय, कधी तीन. कोण कुठल्या कोपऱ्यावर उभा आहे हे लक्षात ठेवता ठेवता त्यांच्या नाकी नऊ आले. दिसत असतं तर एका नजरेत कळलं असतं. मी पोहे करत होते, हातात शेंगदाण्यांचा डबा होता. सुचलं तसं केलं. एका ताटात चार वाट्या मांडल्या, पतंगाच्या टोकांसारख्या. त्यांच्या छातीजवळची वाटी म्हणजे घर, उजव्या हाताची पहिला बेस, लांबची दुसरा, डाव्या हाताची तिसरा. फलंदाज पहिल्या बेसवर पोचला की उजव्या वाटीत एक शेंगदाणा. पुढे सरकला की शेंगदाणाही पुढच्या वाटीत. फिरून घरी आला की घरच्या वाटीत टाकायचा, तो आपला गुण. समोरच्या संघासाठी फुटाणे. बोटांनी चाचपलं की सगळा सामना हाताला लागतो.

आऊट झालेल्याचं काय करायचं हे सासऱ्यांनी स्वतःच ठरवलं. आऊट झाला की तोंडात टाकायचा. डॉक्टरांनी बी.पी.साठी मीठ बंद केलंय, म्हणून शेंगदाणे बिनमिठाचे. "आपलाच माणूस खायला जिवावर येतं," असं म्हणत ते चावायचे, आणि फुटाण्याची वेळ आली की मिटक्या मारत.

मी एकदा सुचवलं की दुपारी कॉलेजवाले सगळ्या सामन्याचं रेकॉर्डिंग टाकतात, तर निवांत जेवण झाल्यावर ऐकू. सासरे म्हणाले, "शिळं कशाला? तिकडं काय व्हायचं ते होऊन गेलेलं असणार. मग मी वाट्या कुणासाठी हलवायच्या?" त्यानंतर मी तो विषय काढला नाही.

आता उन्हाळ्याचं सांगते, कारण खरी गोष्ट तीच. जून-जुलैत मुलीला मोठी सुट्टी असते. आदल्या वर्षी कॉलेजातलंच काहीतरी काम निघालं आणि ती आली नाही. या वर्षी मी तशी शक्यताच ठेवायची नाही असं ठरवलं होतं. आमच्या एचआरमधल्या मॅडमशी बोलून क्लिनिकच्या ऑफिसात तिच्यासाठी दोन महिन्यांचं काम ठरवून ठेवलं. तिच्या कोर्सला चालेल असंच काम. सकाळी माझ्याबरोबर गाडीतून यायचं, संध्याकाळी माझ्याबरोबर परत. तिच्या खोलीतला इस्त्रीचा पसारा मी उचलला, पलंगाला नवी गादी घेतली. नवरा महिना महिना समुद्रावर, सासऱ्यांशी मी बोलते पण ते मॅचबद्दल. मला ती घरी हवी होती. सरळ सांगते, त्यात लाजायचं काय?

मार्चच्या सुरुवातीला एका संध्याकाळी तिचा व्हिडिओ कॉल आला. तिची तेव्हा सकाळ असते, केस ओले, मागे खिडकीत झाडं. मी लगेच एचआरचं सांगायला सुरुवात केली.

"अगं, मॅडम म्हणाल्या पासपोर्टची कॉपी आत्ताच मेल करा. म्हणजे पेपरवर्क खलास. मग तू यायचं आणि बसायचं."

"मम्मा, आय नो. थँक यू. बट देअर इज वन मोअर थिंग."

तिचं 'वन मोअर थिंग' मला चांगलं माहीत आहे. शाळेत असताना त्यातून एकदा मांजर निघालं होतं.

तिने सांगितलं ते असं. आतल्या भागात एक गाव आहे, तिथला संघ उन्हाळाभर बेसबॉल खेळतो. त्यांना रेडिओवर बोलायला एक माणूस हवा आहे, एकच. तिथले जे प्रमुख आहेत ते तीन कॉलेजांतल्या तीन विद्यार्थ्यांचा एकेक सामना ऐकणार आणि त्यातून एकाला घेणार. तिची पाळी पुढच्या आठवड्यात, शुक्रवारी. त्या दिवशी बॉक्समध्ये ती एकटी असेल, पहिल्या बॉलपासून शेवटच्यापर्यंत.

"इफ आय गेट इट, आय गो देअर. इफ आय डोन्ट, आय कम होम. प्रॉमिस."

"इन्शाल्ला," मी म्हणाले. इथे तो शब्द कशालाही चालतो. कशासाठी म्हणाले ते तिने विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही.

मग ती सासऱ्यांकडे वळली. "आजोबा, यू आर माय टेस्ट. तुम्हाला समजलं तर एनीबडीला समजेल. सो टेल मी. ऑनेस्टली."

सासरे या क्षणाची वाटच बघत असणार. खुर्चीत सरळ बसले, फोनच्या बाजूच्या भिंतीकडे तोंड केलं आणि म्हणाले, "तू छान बोलतेस. आवाज आपल्या घराण्याचा आहे. पण स्कोअर काय?"

"व्हॉट डू यू मीन? आय सेड द स्कोअर."

"कधी?"

"स्टार्ट ऑफ द इनिंग."

"तेव्हा मी बाथरूमला गेलो होतो."

मी हसायला लागले. ती हसली नाही. सासरे तर अजिबात नाही. ते पुढे म्हणाले, "हसण्यावारी नेऊ नका. मैदानावर माईक धरलाय मी. एस.टी. फाट्यावर थांबते, माणूस उतरतो, धावत येतो, सामना निम्मा झालेला असतो. आत येताना त्याच्या कानावर माझा आवाज पडतो. त्याला पहिलं काय पाहिजे? कोण कोणाशी, किती-किती, किती वेळ राहिला आणि आत्ता चढाईवर कोण. एवढं त्याला मिळालं की तो आपला झाला. नाहीतर तो शेजारच्याला विचारत बसतो आणि तुझं ऐकत नाही. म्हणून सारखं सांगायचं. आत्ता फाटकातून कुणीतरी आत येतंय असं धरूनच बोलायचं."

"आजोबा, हिअर एव्हरीवन हॅज द स्कोअर ऑन देअर फोन."

"माझ्याकडं नाही."

"आणि आमचे प्रोफेसर म्हणतात डोन्ट रिपीट. लेट द गेम ब्रीद. लोक बोअर होतील."

"आधीपासून बसलेला माणूस बोअर होत नाही गं. त्याला पुन्हा ऐकायला बरंच वाटतं. आणि त्यालाही मधेच चहा आठवतो."

बराच वेळ दोघांची जुंपली. एक इंग्रजीत, एक मराठीत, आणि दोघांचे हातवारे सारखे. ती लहान असताना एका दिवाळीत आम्ही गावी गेलो होतो, तेव्हा त्यांच्या माईकच्या टेबलाखाली बसून ती भेंडबत्तासे खात सामना ऐकत होती. तिला तो आठवत नाही म्हणे. शेवटी तिने "ओके ओके, आय विल थिंक" म्हणून विषय मिटवला. तिच्या भाषेत याचा अर्थ नाही असा होतो. फोन ठेवताना म्हणाली, "नेक्स्ट फ्रायडे. सेम टाइम, सिक्स. डोन्ट मिस इट."

"सहा म्हणजे सहा," सासरे म्हणाले.

त्या आठवड्यात माझं डोकं ठिकाणावर नव्हतं. तिचं चांगलं व्हावं असं मला वाटत होतं, कोणत्या आईला वाटणार नाही? पण गादीवरचं प्लास्टिक काढताना असंही वाटत होतं की बोलण्यात जरा चुकली, तिसऱ्या कुणाला ती जागा मिळाली, तर काय बिघडलं? एकच तर उन्हाळा. नवऱ्याला प्लॅटफॉर्मवर फोन लागला तेव्हा त्याला सांगितलं, तर तो म्हणाला, "होईल ते चांगलंच होईल." असल्या बोलण्याने कोणाला कधी काय मदत झालीये?

शनिवारी पहाटे माझ्या आधी सासरे उठले होते. अंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून टेबलाशी बसलेले. वाट्या त्यांनी स्वतःच मांडल्या होत्या, डब्यातून शेंगदाणे वेगळे, फुटाणे वेगळे. मी चहा टाकला आणि सहाला दहा मिनिटं असताना स्पीकर लावला. सामन्याआधी नेहमी थोडी गाणी लागतात, गावातल्या टायरच्या दुकानाची एक जाहिरात लागते. म्हटलं तेवढ्यात चहा गाळून होईल.

गाणी नव्हती. लोकांचा गलका होता, आणि त्यात माझ्या मुलीचा आवाज, भराभर, कुणीतरी कुंपणाकडे धावल्याचं सांगणारा. गलका वाढला, मग टाळ्या. काय झालं ते आम्हाला कळलं नाही.

"सुरू झालं?" सासऱ्यांनी विचारलं.

"हो."

"कधी?"

"मला काय माहीत, बाबा! सहा म्हणाली ना ती!"

मी फोनवर तिच्या गावची वेळ बघितली. तिथे सात वाजायला आले होते. आदल्या रविवारी तिकडे सगळ्या देशाने घड्याळं तासभर पुढे केली होती, म्हणे उन्हाळ्यात करतातच. आमच्या भारतात कोणी घड्याळ सरकवत नाही, या देशातही नाही. मी शारजात इतकी वर्षं आहे, नवरा समुद्रात, सासऱ्यांचा जन्म वाळव्यात गेला, सहा म्हणजे सहा याच्यापलीकडे आमच्यापैकी कुणालाच कधी विचार करावा लागला नव्हता. तिकडून फोन ती उठेल तेव्हा येतो, तासाचा फरक कोण मोजतं? आणि तिला काय, तिचं सहा ते सहाच होतं. गेल्या वर्षी या दिवसांत ती फक्त आकडे लिहून द्यायची, बोलायची नाही, म्हणून आम्ही ऐकतच नव्हतो.

इतका संताप आला मला. त्या घड्याळांचा, स्वतःचा, त्यांच्या इस्त्रीच्या शर्टाचासुद्धा. वर्षभरात तिने एक गोष्ट मागितली होती की ऐका, आणि आम्ही तासभर झोपून होतो. सासऱ्यांच्या हातात शेंगदाणे होते आणि हात ताटावर तसाच थांबलेला. चारही वाट्या रिकाम्या.

"कितवी इनिंग? किती झाले? कोण कुठं आहे?" ते विचारत होते.

"थांबा, बघते फोनवर. नाहीतर असं करू, दुपारी रेकॉर्डिंग..."

"थांब गं जरा. बोलू दे तिला."

स्पीकरमधला गलका खाली बसला होता. तिने एक श्वास घेतला, तो ऐकू आला. मग म्हणाली, "इफ यू आर जस्ट जॉइनिंग अस, वेलकम इन."

"हो, आत्ताच आलो," सासरे स्पीकरला म्हणाले.

आणि तिने सांगायला सुरुवात केली. घाई न करता, एकामागून एक. तिसरी इनिंग, खालचा अर्धा भाग, म्हणजे फलंदाजी आपली. आपले दोन, पाहुण्यांचे तीन. एक आऊट. एक खेळाडू पहिल्या बेसवर, एक तिसऱ्यावर. बॉल टाकणारा डावखुरा आहे, दमलाय, सारखा टोपी काढून घाम पुसतोय. सूर्य व्यायामशाळेच्या इमारतीमागे गेलाय आणि निम्म्या मैदानावर सावली आहे.

ती एकेक सांगत गेली तसे सासऱ्यांचे हात चालत गेले. घरच्या वाटीत दोन शेंगदाणे, तीन फुटाणे. उजव्या वाटीत एक शेंगदाणा, डावीत एक. एक आऊट, तो तोंडात. त्यांनी बोटांनी चारही वाट्या एकदा चाचपल्या आणि खुर्चीला पाठ टेकली. एक तास उशिरा येऊनही आम्ही सामन्यात होतो. मी फोनवर शोधत होते तो स्कोअर अजून उघडलासुद्धा नव्हता.

चहा तसाच पातेल्यात राहिला होता. मी तो गाळला, कप त्यांच्या हाताशी ठेवला. पुढच्या इनिंगमध्ये तिने पुन्हा सांगितलं, वेगळ्या शब्दांत, की आत्ता आलेल्यांसाठी, एवढं एवढं झालंय. थोड्या वेळाने पुन्हा. कंटाळवाणं अजिबात वाटत नव्हतं. दर वेळी ती कुणासाठी तरी खुर्ची ओढून देत होती असं वाटत होतं. सासरे एरवी दर बॉलला तिची एक चूक काढतात. त्या दिवशी त्यांनी एकही काढली नाही. मधे एकदा फक्त म्हणाले, "फाटकाकडं बघून बोलतेय." मग खिशातून रुमाल काढला, चष्मा पुसला, जो ते आता फक्त सवयीने घालतात, आणि रुमाल हातातच धरून बसले.

मला रडू आलं. आनंदाने आलं असं म्हणायला मला आवडलं असतं, पण तो सगळा आनंद नव्हता. माझी मुलगी चांगली आहे, नुसती चांगली नाही, फार चांगली आहे, हे मला तेव्हाच कळलं, आणि त्याच वेळी हेही कळलं की ती या उन्हाळ्यात घरी येत नाही. तो प्रमुख माणूस कोण, कुठे बसून ऐकतोय, मला माहीत नव्हतं. पण त्याला कान असतील तर त्याला दुसरं काही करताच येणार नाही. गादीचं प्लास्टिक मी उगाच काढलं.

मी फोन उचलला आणि एचआरच्या मॅडमना मेसेज लिहायला घेतला. उन्हाळ्यातल्या त्या कामासाठी दुसऱ्या कुणाला घ्या, माझ्या मुलीला जमणार नाही, सॉरी आणि थँक्स. निकाल यायला अजून बरेच दिवस होते. पण मॅडमना आत्ता सांगितलं तर दुसऱ्या कुणाच्या तरी मुलीची सोय होईल, शिवाय सोमवारपर्यंत थांबले असते तर माझा हात तो मेसेज लिहायला धजला नसता. मी पाठवून टाकला.

"काय टाइप करतेस?" सासऱ्यांना टकटक ऐकू येते.

"काही नाही. ऑफिसचं."

"शनिवारी कसलं ऑफिस? इकडं लक्ष दे," ते म्हणाले. "तिन्ही वाट्यांत माणसं उभी आहेत."

मी बघितलं. उजवीकडे एक शेंगदाणा, लांबच्या वाटीत एक, डावीकडे एक. घरची वाटी त्यांनी हाताने जवळ ओढून धरली होती. मी फोन उलटा ठेवला, खुर्ची त्यांच्या शेजारी घेतली आणि ऐकायला बसले.